मालवणी ऐकणारं मॉडेल आणि कायद्याचे कागद: प्रकल्प नोंदी

२ ऑगस्ट २०२५, मालवण

पावसाळी मासेमारीची बंदी परवा उठली, पण होड्या अजून वर ओढलेल्याच आहेत. नारळी पौर्णिमेला दर्याला नारळ दिल्याशिवाय इथले बरेच जण पाण्यात उतरत नाहीत. पौर्णिमा ८ तारखेला. तोवर तांडेल, म्हणजे होडीचे प्रमुख, घरी भेटतात, म्हणून आवाज मुद्रित करण्याचं राहिलेलं काम याच आठवड्यात उरकायचं ठरलंय.

नवीन येणाऱ्यांसाठी प्रकल्प थोडक्यात. मच्छीमाराने फोनवर मालवणीत विचारायचं, ‘फाल्या वारो कसो आसतलो?’, आणि हवामान खातं व हैदराबादची इन्कॉइस ही सागरी माहितीची संस्था यांनी त्या पट्ट्यासाठी दिलेला अंदाज त्याला बोलून परत मिळायचा. ऐकण्यासाठी व्हिस्पर स्मॉल हे बोलणं लिहून काढणारं तयार मॉडेल घेतलंय. २४ कोटी ४० लाख पॅरामीटर्स, एमआयटी परवाना. त्याला मराठी येतं. पण मालवणी हेल, मतलई, उधाण, भांग असे वाऱ्या-भरतीचे शब्द आणि मागे इंजिनाची घरघर असं सगळं एकदम आलं की ते कोलमडतं. त्यासाठी इथल्या आवाजांवर फाइन-ट्यूनिंग, म्हणजे तयार मॉडेलला पुढे शिकवणं. कोड आणि वेट्स (मॉडेलने शिकलेले आकडे) दोन्ही अपाची २.० या मुक्त परवान्याखाली खुले राहतील.

नोंदवही आजपासून लिहायचं कारण वेगळं आहे. युरोपीय संघाचा एआय कायदा १ ऑगस्ट २०२४ ला अमलात आला, त्याची कलमं टप्प्याटप्प्याने लागू होतात, आणि सर्वसाधारण वापराच्या मॉडेलांची कलमं आजपासून लागू झाली. गटात कालच प्रश्न आला की मालवणात बसून युरोपचा कायदा कशाला वाचायचा. वाचायचा, कारण तो कायदा बनवणाऱ्याचा पत्ता बघत नाही. प्रणाली युरोपच्या बाजारात येते का, तिचं उत्तर तिथे वापरलं जातं का, हे बघतो. आपला रेपो, म्हणजे कोड ठेवायची ऑनलाइन जागा, जगाला उघडा आहे. शिवाय आपल्याकडे जे नियम येतील ते लिहिणारे लोक हा मसुदा समोर ठेवूनच लिहितील, असं मला वाटतं.

४ ऑगस्ट

हिशोब मांडला. युरोपीय आयोगाने १८ जुलैला मार्गदर्शक सूचना काढल्या आहेत. त्यांचा ढोबळ निकष असा: प्रशिक्षणात १० चा २३ वा घात याहून जास्त गणिती क्रिया झाल्या आणि मॉडेल भाषा, चित्र किंवा चलचित्र निर्माण करू शकत असेल, तर ते सर्वसाधारण वापराचं. आपल्या फाइन-ट्यूनिंगचा अंदाज हात सैल सोडून धरला तरी १० चा १८ वा घात ओलांडत नाही. म्हणजे रेषेपासून एक लाख पट खाली. त्याच सूचनांत उदाहरण आहे की फक्त बोलणं लिहून काढायला शिकवलेलं मॉडेल १० च्या २४ व्या घातापर्यंत गेलं तरी सर्वसाधारण धरायचं नाही, कारण त्याचं काम एकच. दुसऱ्याच्या मॉडेलात बदल करणारा माणूस स्वतः ‘प्रदाता’ कधी ठरतो, तेही दिलंय: मूळ प्रशिक्षणाच्या एक तृतीयांशाहून जास्त गणन त्याने वापरलं तर.

हे आकडे रेपोच्या माहितीपानावर, रीडमीत, टाकले. कायदा आला एवढं ऐकून रेपो खाजगी करून बसलेली चांगली पोरं मी पाहिली आहेत. त्यांना कोणी नोटीस दिली नव्हती. कोणी आकडाही सांगितला नव्हता.

ओपन सोर्ससाठीचा अपवाद कलम २ च्या १२ व्या उपकलमात आहे. मुक्त परवान्याखाली दिलेल्या प्रणालीला कायदा लागू नाही. पण ती उच्च जोखमीची असेल, बंदी असलेल्या वापराची असेल, किंवा कलम ५० मधल्या पारदर्शकतेच्या अटींत बसत असेल, तर लागू. मोठ्या मॉडेलांचा अपवाद कलम ५३ मध्ये. तिथे खुल्या मॉडेलाला तांत्रिक कागदपत्रांतून सूट मिळते. स्वामित्वहक्काचं धोरण आणि प्रशिक्षणात काय वापरलं याचा सारांश मात्र द्यावाच लागतो. १० चा २५ वा घात ओलांडला की मॉडेल व्यापक जोखमीचं मानलं जातं आणि खुलं असूनही ती सूट जाते.

आपण यातल्या कुठल्याच मोठ्या कप्प्यात नाही. तरी सारांश लिहायचा. कोणाचे आवाज, कुठले, कसे घेतले, हे लपवण्यासारखं काही नाही.

७ ऑगस्ट

आज आबांकडे. आबा दांडीचे जुने तांडेल. गेल्या महिन्यात त्यांचं बोलणं मुद्रित केलं होतं. रीत अशी ठरवली आहे की डेटासेटमध्ये जाण्याआधी ज्याचा आवाज त्याला पूर्ण ऐकवायचा.

हेडफोन लावून आबा ओटीवर बसले. सुरुवातीला हसत होते. मग वाऱ्याबद्दलचा भाग संपला आणि पुढे ते कुठे जाळं मारतात ते आलं: किनाऱ्यावरचं कुठलं झाड डोंगराच्या कुठल्या खाचेवर आलं की खाली खडप लागतं, आणि थंडीत तिथे काय मिळतं. त्यांनी हात वर केला.

“हां, ह्या काढ गो बाय. थंय मासो गावता ता जगाक कित्याक सांगूचा?”

मी काढलं. मग सगळ्यांच्याच फाइली त्या नजरेने परत ऐकायला घेतल्या. जागा, खुणा, कोणाचं कर्ज कोणाकडे, कुठल्या बोटीने कुठे बेकायदा जाळं टाकलं, हे सगळं बोलण्याच्या ओघात येतंच. व्यक्तिगत माहितीचा कायदा विचारतो की यातून अमुक माणूस ओळखता येतो का. खडपाच्या जागेवरून कोणी माणूस ओळखता येत नाही. ती माहिती एकट्या आबांची नाही, वाडीची आहे, आणि वाडीच्या मालकीच्या माहितीला कुठल्याही कायद्यात रकाना नाही. तेव्हा तो रकाना आपल्या यादीत आपणच जोडला: ‘जागा/खुणा, वगळणे’. जी गोष्ट आपण कोणालाही, कायमची, फुकट देणार आहोत, तिच्यात काय घालायचं याची जबाबदारी देणाऱ्यावर जास्त असते.

१७ ऑगस्ट

परवान्यावर बैठक. आजवरची सगळ्यात गरम.

रापणकर, म्हणजे किनाऱ्यावरून जाळं ओढणाऱ्या मंडळींची मागणी साधी होती: पर्ससीनवाल्यांना हे वापरता येता कामा नये. मागणीमागचा राग मला पूर्ण कळतो. पर्ससीनचं जाळं माशांचा अख्खा थवा गोल वळसा घालून उचलतं आणि किनाऱ्यावर रापण ओढणाऱ्यांच्या हाती काही येत नाही. राज्याने ५ फेब्रुवारी २०१६ च्या आदेशाने पर्ससीनवर बंधनं घातली, तरी समुद्रातली भांडणं थांबलेली नाहीत. आपण वर्षभर राबून काही बनवायचं आणि ते समोरच्या बोटीवर वाजायचं, हे कोणाला रुचेल?

तरीही मी विरोधात बोलले. ओपन सोर्सची जी व्याख्या १९९८ पासून चालत आली आहे, तिच्या दहा अटींपैकी पाचवी माणसांमध्ये भेद करू देत नाही आणि सहावी वापराच्या क्षेत्रांत. ‘अमुक जाळेवाल्यांनी वापरू नये’ असं एक वाक्य घातलं की परवाना खुला राहत नाही. आता कायदेही याच व्याख्येच्या आसपास उभे आहेत. आयोगाच्या जुलैच्या सूचनांत स्पष्ट आहे की फक्त बिगरव्यापारी वापराला परवानगी, किंवा अमुक इतक्या वापरकर्त्यांच्या पुढे वेगळी परवानगी, अशा अटी असतील तर तो मुक्त परवाना धरला जाणार नाही. मेटाच्या लामा मॉडेलांच्या परवान्यात महिन्याला ७० कोटी वापरकर्त्यांची अट आहे. लोक त्याला सर्रास ओपन म्हणतात, पण या मोजमापाने ते बसत नाही. पूर्वी हा वाद मेलिंग लिस्टवरच्या मंडळींचा होता. आता परवान्यातल्या एका वाक्यावर सूट मिळते किंवा जाते.

दुसरा मुद्दा मला जास्त महत्त्वाचा वाटला आणि तोच शेवटी पटला. मासे कुठे आहेत हे आपलं मॉडेल सांगतच नाही. त्याचे नकाशे इन्कॉइस सगळ्यांसाठी काढतं, पर्ससीनवालेही ते बघतात. आपण सांगतो वारा, लाटा, इशारा. वादळाचा इशारा कोणाला मिळू नये, असं आपल्यापैकी कोणालाच वाटत नाही. मागच्या बाकावर एक रापणकर बसले होते. ते म्हणाले, “दर्यार बुडणारो पर्ससीनवालो खलाशीय आमचोच कोणाचो तरी झील.” (झील म्हणजे मुलगा.) मग मत घ्यावं लागलं नाही.

अपाची २.० कायम. जागांच्या खुणा बाहेर ठेवण्याचा ठराव लेखी.

३० ऑगस्ट

गणपतीमुळे काम बंद होतं. एक निर्णय मात्र झाला. बोलणाऱ्याच्या आवाजावरून माणूस ओळखण्याचा भाग कोणीतरी पुल रिक्वेस्टमध्ये, म्हणजे कोड जोडून घ्यायच्या विनंतीत, पाठवला होता. कोड उत्तम आहे. घेतला नाही. लोकांच्या नकळत दुरून ओळख पटवणारी बायोमेट्रिक प्रणाली युरोपच्या यादीत उच्च जोखमीची आहे, तिथे खुलेपणाचा अपवाद उपयोगी पडत नाही. आणि तो कायदा नसता तरी मी घेतला नसता. किनाऱ्यावर कोण कोणाशी काय बोललं हे ओळखणारं यंत्र इथे कोणाला नको आहे.

५ ऑक्टोबर

‘शक्ती’ चक्रीवादळ अरबी समुद्रात आहे. हवामान खात्याने रत्नागिरी-सिंधुदुर्गलाही सावध केलंय. चाचणीतल्या बोटींवरून दोन दिवस सतत प्रश्न येताहेत, म्हणून रात्री जागून नोंदी तपासल्या.

दोन दोष. पहिला, अंदाजात वेग ‘४५-५५’ असा छापलेला असतो आणि वाचून दाखवणारा भाग तो ‘पंचेचाळीस वजा पंचावन्न’ असा वाचत होता. आता ‘पंचेचाळीस ते पंचावन्न’. दुसरा दोष जास्त गंभीर: एकोणपन्नास, एकोणसाठ, एकोणसत्तर यांत ऐकताना गोंधळ होतो. आकडे सांगायची गरज पडेल असा प्रश्नच वापरकर्त्याला विचारायचा नाही, बंदराचं नाव पुरे, असा बदल केला.

यावरून ठरवलेली गोष्ट ठळक लिहिते: प्रणाली अर्थ लावणार नाही. ‘जाऊ का नको’ याचं उत्तर देणार नाही. खात्याचा मजकूर जसाच्या तसा, वेळेसह, वाचणार. एकाने विचारलं की चुकीचा आकडा वाचला आणि कोणी बाहेर गेलं तर जबाबदार कोण? युरोपच्या नव्या उत्पादन-दायित्व निर्देशात व्यापाराबाहेर दिलेलं मुक्त सॉफ्टवेअर वगळलंय. आपल्या २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यात फुकट दिलेली सेवा ‘सेवा’ या व्याख्येतच येत नाही. कागदावर आपण सुटतो. पण आकडे बरोबर वाचले जायला हवेत ते खलाशाच्या जिवासाठी. आकड्यांची चाचणी पास झाल्याशिवाय कोड मुख्य शाखेत जाणार नाही, असा नियम आजपासून.

२३ ऑक्टोबर, भाऊबीज

काल पाडव्याला केंद्राच्या इलेक्ट्रॉनिक्स व माहिती तंत्रज्ञान मंत्रालयाने आयटी नियमांत बदलाचा मसुदा काढला. कृत्रिमरीत्या बनवलेल्या मजकुरावर लेबल हवं: दृश्य असेल तर किमान १० टक्के जागेवर, आवाज असेल तर सुरुवातीच्या १० टक्के वेळात. शिवाय कायमची ओळखखूण, जी काढता येणार नाही अशी.

हेतू योग्य आहे. खोट्या आवाजाने फसवलेली माणसं आपल्या तालुक्यातही आहेत. पण आमच्या डोळ्यांनी पाहिलं तर दोन ठिकाणी अडतं.

एक, आवाजाचे १० टक्के. आमचा सगळ्यात छोटा इशारा वाचायला दहा-बारा सेकंद लागतात. त्यात सेकंदभरात लेबल बसवायचं तर ‘संगणक’ एवढंच म्हणून होतं. आणि मोठ्या मजकुरात सुरुवातीचे अर्धा-एक मिनिट लेबलच. टक्केवारी इथे काम करत नाही, वाक्य काम करतं.

दोन, आणि हा मुळाचा मुद्दा. ‘काढता येणार नाही’ ही अट खुल्या कोडला लावणार कशी? लेबलाची ओळ आमच्या कोडमध्ये असेल. ज्याने कोड उतरवून घेतला तो ती ओळ पुसू शकतो. परवानाच त्याला कोड बदलण्याची मुभा देतो, आणि ती मुभा नसेल तर ते ओपन सोर्स नव्हे. मग कर्तव्य कोणाचं? माझं उत्तर स्पष्ट आहे: जो प्रणाली चालवतो आणि लोकांच्या कानापर्यंत पोचवतो त्याचं. लेबल घालायची सोय देणं, ती मुळातच चालू ठेवणं, एवढं लिहिणाऱ्याकडून मागावं.

कॅलिफोर्नियाच्या एसबी १०४७ या एआय विधेयकाच्या वेळी हाच पेच होता. मॉडेल पूर्ण बंद करता येण्याची सोय हवी अशी त्यात अट होती. खुले वेट्स एकदा लोकांच्या संगणकांवर गेले की बंद कोण करणार? नंतर ती अट बनवणाऱ्याच्या ताब्यातल्या प्रतींपुरती केली, आणि पुढे २९ सप्टेंबर २०२४ ला राज्यपालांनी विधेयकच परत पाठवलं. आपल्याकडे १ मार्च २०२४ ला मंत्रालयाने सल्लापत्र काढलं होतं, की पुरेशी चाचणी न झालेली मॉडेलं लोकांना देण्याआधी सरकारची स्पष्ट परवानगी घ्या. हे मोठ्या प्लॅटफॉर्मना आहे, स्टार्टअपना नाही, असा खुलासा तेव्हाच्या राज्यमंत्र्यांनी केला आणि १५ मार्चच्या सुधारित पत्रात परवानगीची अट गेली. चांगलं झालं. पण त्या खुलाशात प्लॅटफॉर्म होता, स्टार्टअप होता. रात्री घरी बसून कोड लिहून सगळ्यांना देणारा माणूस दोन्हींत नव्हता.

६ नोव्हेंबर

सूचना पाठवायचा आज शेवटचा दिवस. पाठवल्या. दोन पानं, वरचेच मुद्दे, आकड्यांसह. लेबल म्हणून आमचं प्रस्तावित वाक्य जोडलं: ‘ह्यो संगणकाचो आवाज आसा, म्हायती हवामान खात्याची.’

काल मंत्रालयाने एआय प्रशासनाची मार्गदर्शक तत्त्वंही जाहीर केली. आयआयटी मद्रासचे प्रा. बलरामन रवींद्रन समितीचे अध्यक्ष होते. सध्या स्वतंत्र एआय कायदा नको, आहेत ते कायदे वापरा, असा सूर. मला हा मार्ग बरा वाटतो. मात्र ‘आहेत ते कायदे’ लिहिताना ओपन सोर्सवाला कोणाच्याच डोळ्यांसमोर नव्हता, आणि त्याचा अनुभव पुढच्याच आठवड्यात येईल असं दिसतंय, कारण डेटा नियम निघणार अशी चर्चा आहे.

१६ नोव्हेंबर

निघाले. डिजिटल व्यक्तिगत माहिती संरक्षण कायदा २०२३ चा, नियम या आठवड्यात अधिसूचित झाले. मुख्य कर्तव्यं १८ महिन्यांनी, म्हणजे मे २०२७ पासून. पण योगायोग असा की आजच एका काकींचा फोन आला. मासळी बाजारात बसतात, उन्हाळ्यात त्यांचा आवाज घेतला होता.

“माझो आवाज काढून टाक. झील नको म्हणता.”

कारण विचारलं नाही. काढायचं म्हणजे काय, हे मात्र पूर्ण दिवस खाऊन गेलं, म्हणून सविस्तर लिहिते.

कायद्याचं कलम ६ सांगतं की संमती देणं जितकं सोपं तितकंच मागे घेणं सोपं हवं, आणि कलम ८ प्रमाणे मागे घेतल्यावर माहिती पुसायची. एखाद्या कंपनीच्या सर्व्हरवर हे शक्य आहे. खुल्या डेटासेटमध्ये नाही. ज्याने प्रत उतरवली त्याच्याकडे ती राहते. तो कोण, हेही आपल्याला कळत नाही. खुलं करणं आणि परत घेता येणं, ही दोन्ही वचनं एकाच माणसाला देता येत नाहीत. बरं, आवाज गेला तरी त्यावर शिकलेलं मॉडेल उरतंच.

सुदैवाने कच्चे आवाज अजून कुठे खुले ठेवलेले नव्हते. आता रचना अशी:

कोड, वेट्स, मॉडेलची रचना, वापरायच्या सूचना सगळं खुलं. कच्चे आवाज खुले नाहीत. ज्याला संशोधनासाठी हवेत त्याने लेखी मागायचे, आणि वगळलेल्यांची यादी आली की पुसायचे. प्रत्येक आवृत्तीला त्या यादीप्रमाणे मॉडेल नव्याने शिकवायचं. काकींची फाइल आज पुसली, पुढच्या आवृत्तीत त्यांचा आवाज शिकवण्यात नसेल, आणि जुनी आवृत्ती बाहेर गेलेली नाही, हे त्यांना फोनवर सांगितलं.

गटातल्या एकाला हे खुलेपणाशी तडजोड वाटली. मला नाही वाटत. ओपन सोर्स इनिशिएटिव्हने ऑक्टोबर २०२४ मध्ये एआयसाठी जी व्याख्या केली, तिच्यातही देता न येणारा डेटा असू शकतो हे धरलंय. त्याची तपशीलवार माहिती द्यावी लागते. युरोपच्या कलम ५३ मध्येही वेट्स, रचना आणि वापराची माहिती खुली असणं मागितलंय, डेटा नाही.

दुसरी वाट होती. कलम १७ मध्ये संशोधनासाठी सूट आहे, माहितीच्या आधारे त्या माणसाबद्दल काही निर्णय होत नसेल तर. आम्ही ती घेणार नाही. खुलं मॉडेल उद्या कोण कशाला लावेल हे आमच्या हातात नसताना ‘संशोधन’ म्हणणं काकींच्या तोंडावर पटणार नाही. त्याच कलमात स्टार्टअपना काही अटींतून सवलत देण्याचा अधिकार सरकारला आहे, पण स्टार्टअप म्हणजे मान्यताप्राप्त खाजगी कंपनी, भागीदारी किंवा एलएलपी. नोंदणी नसलेला, पगार नसलेला, चार जणांचा गट त्यात बसत नाही. दंडाची कमाल मर्यादा मात्र २५० कोटी रुपये, कंपनी असो की आम्ही. दंड ठरवताना परिस्थिती बघतील, खरं आहे. पण सवलत लिहिताना जो दिसला नाही, तो दंडाच्या कलमात आपोआप येतो, हे नीट नाही, आणि ते बदलावं असं आम्ही लिहून देणार.

लिलावाच्या वेळचं मुद्रण कायमचं बाद. गर्दीत प्रत्येकाची संमती घेता येत नाही, आणि मागे पोरं ओरडत असतात. १८ वर्षांखालच्यांसाठी पालकांची पडताळलेली संमती लागते.

२० नोव्हेंबर

युरोपीय आयोगाने काल ‘डिजिटल ऑम्निबस’ मांडला. उच्च जोखमीच्या तरतुदी पुढे ढकलण्याचा प्रस्ताव आहे. आपल्याला फरक नाही. नोंद म्हणून.

११ डिसेंबर

केंद्राच्या उद्योग विभागाच्या समितीचं एआय आणि स्वामित्वहक्कावरचं कार्यपत्र आलं. प्रशिक्षणासाठी सक्तीचा परवाना, आणि कमाई सुरू झाल्यावर रॉयल्टी. आपण छापील मजकूर वापरलेलाच नाही. कमाई शून्य असलेल्या खुल्या मॉडेलावरून दुसऱ्याने कमाई केली तर हिशोब कोणाचा, हे तिथे नीट लिहिलं जायला हवं.

१८ डिसेंबर

रेपोवर युरोपातल्या एका कंपनीचा इश्यू, म्हणजे जाहीर विचारणा. बोटींसाठी अ‍ॅप करतात, आपला आवाज-ओळख भाग वापरून पाहताहेत. सोबत लांबलचक प्रश्नावली: जोखीम-व्यवस्थापनाची कागदपत्रं, चाचण्यांचे दाखले, जबाबदार अधिकाऱ्याची सही. शेवटी विचारणा, की पैसे घेऊन सपोर्ट द्याल का.

नम्रपणे उत्तर लिहिलं. कायद्याच्या कलम २५ च्या चौथ्या उपकलमात घटक पुरवणाऱ्याशी लेखी करार मागितलाय, पण मुक्त परवान्याखाली लोकांसाठी ठेवलेल्या साधनांना त्यातून वगळलंय, सर्वसाधारण वापराची मॉडेलं सोडून. कायदा आमच्याकडून मॉडेल कार्डसारख्या माहितीची अपेक्षा करतो, सक्ती करत नाही. मॉडेल कार्ड रेपोत आहे: कुठल्या बोलीवर चालतं, कुठे चुकतं, आकड्यांचा निकाल काय. सही मिळणार नाही.

हा प्रकार आता जागोजाग होणार. कायद्याने सूट दिली तरी मोठ्या घराचा अनुपालन विभाग खालच्या प्रत्येकाला तोच अर्ज पाठवतो, आणि एकटा मेंटेनर, म्हणजे कोड सांभाळणारा, रविवार घालवून तो भरतो. सूट आहे हे कलम क्रमांकासह सांगता यायला हवं. आमचं उत्तर रेपोत ठेवलंय, कोणीही उचलावं.

सपोर्टच्या पैशांचं काय? कायद्याच्या प्रास्ताविकातला १०३ वा परिच्छेद म्हणतो, घटक विकला किंवा तांत्रिक मदतीसारख्या मार्गाने त्यातून पैसे केले तर मुक्ततेची सूट मिळू नये. नुसतं खुल्या रेपोत ठेवणं म्हणजे पैसे करणं नव्हे. सर्व्हरचं भाडं आम्ही खिशातून भरतो. त्या पैशांनी वर्ष निघालं असतं. तूर्त नकार कळवला.

१० जानेवारी २०२६

वरच्या नकाराने जे डोक्यात घोळत होतं ते आज गटासमोर मांडलं.

प्रत्येक कायदा धरून चालतो की लिहिणारा वेगळा आणि चालवणारा वेगळा. मोठ्या शहरात तसं असेलही. इथे मॉडेल शिकवणारी मी, सर्व्हर चालवणारी मी, रात्री दोन वाजता तांडेलाचा फोन घेणारीही मीच. सूट मिळते ती फक्त पहिल्या भूमिकेला. म्हणजे कोड ठेवून दिला आणि कोणी वापरला नाही, तर मी सुरक्षित. शेजाऱ्याच्या उपयोगी पडला की सूट संपली. असा नियम छोट्या गावातल्या माणसाला एकच शिकवेल, की लिही पण चालवू नकोस.

नियम नकोत असं माझं म्हणणं नाही. चालवणाऱ्यावर जबाबदारी हवीच. वादळाच्या दिवशी चुकीचा आकडा वाचणारी सेवा बेवारस नसावी. पण ती जबाबदारी सेवेच्या आकाराएवढी असावी. शंभरेक बोटींच्या सेवेला आणि कोट्यवधी लोकांच्या प्लॅटफॉर्मला एकच कागद नको.

उपाय म्हणून दोन घरं वेगळी करतोय. रेपो गटाचा, फुकट, अपाची. सेवा एका मच्छीमार सहकारी संस्थेची: सर्व्हर त्यांच्या नावे, तक्रारीचा फोन त्यांचा, संमतीपत्रं त्यांच्या दप्तरात, सभासदांकडून थोडी वर्गणी. चेअरमन म्हणाले, सभेत ठराव घेऊ. घेतला. मी आता संस्थेची स्वयंसेवक म्हणून सर्व्हर बघते आणि गटाची म्हणून कोड. माणूस तोच, पण कागद वेगळे, आणि मी नसले तरी सेवा चालेल, हा यातला खरा फायदा.

११ फेब्रुवारी

आयटी नियमांची अंतिम अधिसूचना काल आली, २० तारखेपासून लागू. १० टक्क्यांची अट गेली. आवाजासाठी सुरुवातीलाच ठळक सूचना पुरे. व्याख्याही नेमकी झालीय: व्यक्ती किंवा घटना खरीच आहे असं वाटावं अशा रीतीने बनवलेलं. हवामानाचा इशारा वाचणारा यांत्रिक आवाज बहुधा त्यात येतच नाही. तरी आपलं वाक्य राहणार. ऐकणाऱ्याला कळलं पाहिजे की माणूस बोलत नाहीये.

ओळखखूण पुसू न देण्याची अट प्लॅटफॉर्मवर आहे, पण खुल्या कोडबद्दल वेगळा शब्द अजूनही नाही. पुन्हा लिहायचं. मसुदा आजच सुरू केला.

२१ फेब्रुवारी

पहिली आवृत्ती बाहेर. वेट्स, कोड, मॉडेल कार्ड, प्रशिक्षणाचा सारांश, वगळण्याची पद्धत, आणि कलमनिहाय टिपण: कुठला कायदा का लागू, का नाही. काकींच्या आवाजाशिवाय नव्याने शिकवलेलं मॉडेल आहे; चुकांचं प्रमाण जाणवण्याइतकं वाढलं नाही. एकोणसाठ-एकोणसत्तर अजून अधूनमधून अडखळतं, मॉडेल कार्डात पहिल्याच ओळीत लिहिलंय.

पुढचं काम देवगड आणि वेंगुर्ला. तिथल्या संमतीपत्राचा मजकूर मालवणीत केलाय, मागे घ्यायचा फोन क्रमांक वरच्या ओळीत, संमतीच्या रकान्याच्याही आधी. रेपोत ‘संमतीपत्र’ या फोल्डरमध्ये आहे. मुद्रण सुरू व्हायच्या आत तिकडच्या कोणीतरी वाचून, बोलीतले फरक सुचवावेत.